जिभेखालची गोळी

आज सकाळी रंकाळ्यावर आबा मध्येच थांबले. "छातीवर कुणीतरी बसल्यागत वाटतंय," म्हणाले आणि कट्ट्यावर टेकले. त्यांच्या खिशात एक वेळ पैसे नसतील, सॉर्बिट्रेटची, म्हणजे हृदयाच्या दुखण्यावरच्या गोळ्यांची पट्टी असतेच. ५ मिलिग्रॅमची एवढीशी गोळी जिभेखाली. गिळायची नाही आणि उभ्यानं घ्यायची नाही, बीपी उतरून चक्कर येते. मी घड्याळाकडं बघत बसलो. पाचेक मिनिटांत छाती मोकळी झाली, डोकं मात्र ठणकायला लागलं! "एकाचं दुखणं दुसऱ्याच्या गळ्यात," आबा करवादले.

तसं ते खरंच आहे. या गोळीतून शरीरात नायट्रिक ऑक्साइड तयार होतं आणि रक्तवाहिन्या सैल पडतात, हृदयाच्याही नि डोक्यातल्याही. नायट्रिक ऑक्साइडचं हे काम शोधणाऱ्या तिघांना १९९८ चं नोबेल मिळालं. गंमत म्हणजे खुद्द आल्फ्रेड नोबेलला डॉक्टरांनी हृदयासाठी याच जातीचं औषध, नायट्रोग्लिसरीन, लिहून दिलं होतं. ज्याचा त्यानं डायनामाइट केला, तेच!

तिथनं थेट दवाखाना. ईसीजी आधीसारखाच आला. येताना आबांना गंगावेशीत धारोष्ण दूध प्यायचं होतं. मी गाडी थांबवली नाही. अजून बोलत नाहीत माझ्याशी.