डंक, परवाना आणि कोरा शेरा

चटणी कुटायच्या डंकाला, म्हणजे मिरची कांडायच्या यंत्राला, वर्षात तीनच महिने असतात. मार्च ते मे. पुढं पाऊस आला की धणे-हळदीवर भागवायचं. त्यामुळे ‘थांबा, होईल’ हे वाक्य आम्हाला परवडत नाही.

नोव्हेंबरात महापालिकेनं परवान्याचं नूतनीकरण नाकारलं. कारण ठसक्याची तक्रार. तक्रार खोटी नव्हती, मिरची आहे, ठसका येणारच. पण आम्ही लावलेला एक्झॉस्ट पंखा बघायलाही कुणी आलं नव्हतं. आठवड्यात वरिष्ठांकडे अपील टाकलं.

आणि तिथं जे अडकलं! दर सोमवारी जायचे. खिडकीतले भाऊ आवकची वही काढायचे, बोट ओलं करून पानं उलटायचे, माझ्या नंबरावर थांबायचे. पुढचा शेऱ्याचा रकाना कोरा. ‘फाईल वर आहे, ताई.’ वर गेलं की ‘अभिप्रायासाठी खाली पाठवलीय.’ एकदा मी जिन्यातच उभी राहिले, म्हटलं येताजाता इथंच गाठ पडेल. जानेवारीत निवडणूक, मग तर टेबलावर माणूसच नाही. ना होकार, ना नकार. नकार आला असता तर पुढं भांडता तरी आलं असतं.

शेवटी फेब्रुवारीत हायकोर्टात रिट केली, म्हणजे पालिकेला तिचं काम करायला लावा असा अर्ज, घटनेच्या कलम 226 खाली. मुंबई हायकोर्टाचं कोल्हापुरात बसणारं सर्किट बेंच 18 ऑगस्ट 2025 ला सुरू झालं म्हणून हिंमत केली. मुंबईच्या फेऱ्या झेपल्या नसत्या. वकीलसाहेबांनी आधीच बजावलं होतं, ‘कोर्ट परवाना देणार नाही. अपिलाचा निकाल लावा, एवढंच सांगेल.’ तसंच झालं. दहा मिनिटांत आदेश: मला ऐकून घेऊन सहा आठवड्यांत कारणांसह निर्णय द्या.

हे आधी सांगायला हवं होतं: अपिलाची शिक्का मारलेली पोच जपा. माझी पोच मीठमसाल्याच्या वहीत होती, पिवळे डाग पडलेली, पण रिटला तीच लागली. आणि ज्यांच्या मूळ अर्जावरच अजून नकारसुद्धा आलेला नाही, त्यांनी थेट कोर्टात पळू नये. सेवा अधिसूचित असेल, म्हणजे सरकारनं मुदतीसह जाहीर केलेल्या यादीत असेल, तर लोकसेवा हक्क अधिनियम, 2015 खाली ती मुदत संपल्यापासून 30 दिवसांत पहिलं अपील करता येतं. दोषी अधिकाऱ्याला 500 ते 5000 रुपये दंडाची तरतूद आहे. कोर्टाच्या आदेशाची प्रतही आपणच नेऊन द्यायची, आणि तिचीही पोच घ्यायची.

प्रत दिली त्याच दुपारी खिडकीतल्या भाऊंचा फोन! चार महिन्यांत पहिल्यांदा. ‘ताई, सुनावणीला कधी सोयीचं पडेल?’ खोटं कशाला बोलू, फार बरं वाटलं.

निकाल सहाव्या आठवड्याच्या शुक्रवारी लागला. सकाळी 9 ते संध्याकाळी 6 एवढ्याच वेळात डंक चालवायचा, या अटीवर परवाना मिळाला. तोवर एप्रिल उजाडला होता आणि आमची निम्मी गिऱ्हाईकं पलीकडच्या गावात चटणी कुटून आली होती.