शोलाकिळी दिसली!

आदल्या संध्याकाळी कोडाईकनालच्या बाँबे शोल्यात (शोला म्हणजे डोंगरमाथ्यावरचं दमट, बुटकं रान) तासभर या पक्ष्याचं नुसतं गाणं ऐकून परतलो होतो. लांबलचक, वळणं घेत जाणारी शीळ, मधेच घशातली घरघर, की पुन्हा शीळ. पक्षी काही झुडपाबाहेर आला नाही. रात्रभर ती शीळ कानात होती.

पहाटे पुन्हा गेलो. जळवांसाठी मोजे पँटवर ओढून घेतले आणि एका ओंडक्याला टेकून बसलो, हलायचंच नाही असं ठरवून. शोल्यातली झाडं बुटकी, वाकडीतिकडी. फांद्यांवर शेवाळाची जाड गादी आणि तिच्यातून पाण्याची अखंड टिपटिप. उजाडायला लागलं तशी पाचोळ्यात खसखस झाली. दोन उड्या, थांबली. पान उलटलं, किडा टिपला. पुन्हा दोन उड्या.

शोलाकिळी! चिमणीएवढी, पण पाय लांब. पाठ आणि छाती दगडी पाटीसारखी निळसर करडी, डोळ्यावर इवलीशी पांढरट भुवई, पोट पांढरं. माझ्या बुटापासून हातभर अंतरावर येऊन तिने मान तिरकी करून पाहिलं. दुर्बीण उचलायची गरज नव्हती, धीरही झाला नाही.

जगात ही फक्त पश्चिम घाटातल्या पालघाट खिंडीच्या दक्षिणेला, तेही डोंगरमाथ्यांवरच्या रानात राहते. खिंडीची रुंदी जेमतेम ३०-४० किलोमीटर, पण पलीकडे निलगिरीत आहे ती तिची बहीण, कुशीला तांबूस झाक असलेली. उंचावरचं दमट रान सोडून दोघीही खाली उतरत नाहीत, त्यामुळे मधली सखल जमीन त्यांना समुद्रासारखीच. पूर्वी त्यांना आशियातल्या दुसऱ्याच पक्ष्यांच्या गटात टाकलं जायचं. २०१७ मध्ये व्ही. व्ही. रॉबिन आणि सहकाऱ्यांनी डीएनए तपासून दाखवलं, की ही माशीमार कुळातली स्वतंत्र शाखा आहे. नाव दिलं ‘शोलिकोला’, म्हणजे शोल्यात राहणारी. इतकं चपखल शास्त्रीय नाव मी दुसरं ऐकलेलं नाही.

परतताना शोला संपला आणि पाइनची लागवड सुरू झाली. खाली नुसत्या सुयांचा थर, ना झुडूप ना ओलसर पाचोळा. इथे ती काय उलटणार, काय टिपणार? मला फार वाईट वाटलं. दहा मिनिटं तिथेच कान देऊन उभा राहिलो. शीळ येत होती, पण मागून, शोल्यातूनच.