उन्हातले घर आणि तो जिना

लॉस एंजेलिसला येऊन मला चौथे वर्ष लागले, तरी इथल्या दुपारची सवय अजून झालेली नाही. भंगारवाल्याची हाक नाही, शेजारच्या कुकरची शिट्टी नाही. घर इतके निःशब्द होते की फ्रिजच्या घरघरीनेही दचकायला होते. आईला फोन करावा तर तिथे रात्रीचे अडीच वाजलेले असतात. अशाच एका दुपारी मी ‘मेशेस ऑफ द आफ्टरनून’ हा १४ मिनिटांचा प्रायोगिक लघुपट पाहिला.

माया डेरेन आणि तिचे पती अलेक्झांडर हॅमिड यांनी तो १९४३ मध्ये याच शहरात, टेकडीवरच्या आपल्या राहत्या घरात चित्रित केला. ती कीव्हमध्ये जन्मलेली, तर ते प्रागमध्ये छायाचित्रण करून इथे आलेले. दोघेही परक्या भूमीत संसार मांडणारे, ही गोष्ट मला फार जवळची वाटते.

एक स्त्री घरी येते. कुलूप उघडताना किल्ली हातातून निसटते आणि पायऱ्यांवरून उड्या घेत खाली जाते. आत टेबलावर पाव आहे, त्यात सुरी खुपसलेली आहे; जिन्यात फोनचा रिसीव्हर काढून ठेवलेला आहे. ती खुर्चीत झोपी जाते आणि तेच घरी येणे पुन्हा पुन्हा घडू लागते. प्रत्येक फेरीत ओळखीची वस्तू थोडी अधिक परकी होते. किल्ली तिच्या तोंडातून बाहेर येते, त्याच किल्लीची सुरी होते. जिना तर एकदा जहाजासारखा हेलकावे खातो. हातात सुरी घेऊन ती झोपलेल्या स्वतःकडे निघते, तेव्हा तिची पावले आधी वाळूवर, मग गवतावर, फरसबंदीवर आणि शेवटी गालिच्यावर पडतात. खोलीतल्या खोलीतले ते अंतर किती दूरचे आहे, हे इतक्या साध्या जोडणीतून दाखवणे मला विलक्षण वाटते.

तेइजी इतो यांचे संगीत त्याला १९५९ मध्ये जोडले गेले. मूळ लघुपट मूक होता. म्हणून दुसऱ्यांदा मी आवाज बंद करून पाहिला, आणि त्या शांततेत मला आमच्या गावच्या घराचा लाकडी जिना स्पष्ट दिसू लागला.

संध्याकाळी सात वाजता, म्हणजे तिकडे सकाळी साडेसातला, आईने फोन उचलला. आपल्या जिन्याला पायऱ्या किती होत्या, असे मी विचारले. “अठरा,” ती लगेच म्हणाली. मला मात्र बाराच आठवत होत्या.