घारच आहे ती!

अमेरिकेत रस्त्यावर पडलेलं कावळ्याचं पीस उचलून घरी आणणं हा गुन्हा आहे. थट्टा नाही. १९१८चा मायग्रेटरी बर्ड ट्रीटी ॲक्ट सांगतो की यादीतल्या पक्ष्याचं शरीर, अंडं, घरटं, पीस, यातलं काहीही परवान्याशिवाय जवळ बाळगायचं नाही. पीस आपोआप गळालं होतं, पक्ष्याला मी हातही लावला नाही, ही सबब चालत नाही. दंड १५,००० डॉलरपर्यंत, वर सहा महिन्यांपर्यंत कैद. कबूतर, घरचिमणी आणि आपल्या साळुंकीचा भाऊबंद असलेला स्टार्लिंग, यांची पिसं मात्र खुशाल गोळा करा. ते बाहेरून आणलेले, म्हणून त्यांना संरक्षण नाही. व्हिसावर राहणाऱ्यांनी या तरतुदीवर फार विचार करत बसू नये.

हे सगळं मला ऐकून माहीत होतं. जुलैच्या शेवटी क्रायडर्स हॉक नावाच्या एका फिक्या बाजामागे फिरताना ते प्रत्यक्ष आडवं आलं आणि तेव्हापासून डोक्यात गेलंय, म्हणून आज लिहायला बसले.

नॉर्थ डकोटात आमच्या जेम्सटाउनहून पश्चिमेला मेडिनाच्या अंगाला निघालं की दर मैलावर जमीनमोजणीची एक रेघ आहे. कुठे खडीचा रस्ता, कुठे नुसत्या गवतातल्या दोन चाकोऱ्या. या सेक्शन लाइनच्या दोन्ही बाजूंची ३३-३३ फूट जागा लोकांना जायला-यायला मोकळी असते, भले दोन्हीकडची शेतं कुणाची का असेनात. अशाच एका चाकोरीत, कॉटनवुडच्या जुन्या झाडाखाली ते पीस पडलं होतं. शेपटीचं, वीतभर. बुडाशी दुधासारखं पांढरं, टोकाकडे जाता जाता फिक्या विटकरी रंगाची झाक, आणि टोकाच्या जरासं अलीकडे एकच बारीक काळपट रेघ. एका कडेला गवताचं कुसळ अडकलेलं. ज्या पक्ष्यासाठी आम्ही पहाटेपासून उन्हातान्हात फिरत होतो, त्याची सहीच म्हणा ना.

मी वाकले. बरोबर आमच्या गल्लीतले आजोबा होते. गव्हाची आणि सूर्यफुलाची शेती आता मुलाकडे दिलीय, स्वतः दिवसभर स्पॉटिंग स्कोप, म्हणजे पक्षी बघायची मोठी दुर्बीण, घेऊन हिंडतात. इथे सगळे त्यांना नावानं हाक मारतात, माझी काही जीभ रेटत नाही. ते म्हणाले, "शेजारी गाडीची किल्ली ठेव, माप कळेल. फोटो काढ. आणि चल."

"नुसतं बघायला घेऊ? घरी नाही नेत."

"फोटो काढ," ते पुन्हा म्हणाले, आणि गाडीकडे चालू लागले.

आजूबाजूला चार मैलांत माणूस नाही. कुणाला कळणार होतं? आपल्याकडे शाळेच्या दप्तरात मोरपीस नसलेलं पोर विरळा, आणि मोराचं गळून पडलेलं पीस बाळगायला १९७२च्या आपल्या वन्यजीव कायद्यानंही मोकळीक ठेवली आहे. मला आपला कायदा जास्त शहाणा वाटतो. जे आपसूक गळतं ते घ्या, पक्ष्याला धक्का लावू नका. इतकी साधी गोष्ट यांना का सुचू नये?

गाडीत आजोबांनी उत्तर दिलं, पण उपदेशाच्या सुरात नाही. एकोणिसाव्या शतकाच्या शेवटी इथल्या बायकांच्या टोप्यांवर बगळ्यांची पिसं खोवायची फॅशन आली आणि त्यापायी विणीच्या वसाहतीच्या वसाहती कापल्या गेल्या. पकडलेला प्रत्येक जण म्हणायचा, पीस पडलेलं सापडलं. मारलेल्या पक्ष्याचं पीस आणि गळलेलं पीस हातात घेऊन कुणाला वेगळं ओळखता येतं? म्हणून सरसकट बंदी. शिकारी पक्षी तर या कायद्यात फार उशिरा आले, १९७२ साली, मेक्सिकोबरोबरच्या करारातून. त्याआधी कोंबड्या पळवतात म्हणून बाजांना सर्रास गोळ्या घालायचे, आणि त्यात आपले वडीलही होते, हे आजोबांनी आपणहून सांगितलं.

पटलं मला. राग मात्र गेला नाही. दोन्ही एकाच वेळी असू शकतं.

आता पक्ष्याबद्दल. रविवारी फोनवर बाबांना सांगितलं, तर ते म्हणाले, "घारच की ती. आपल्या मंगळवार बाजारात मटणाच्या दुकानांवर किती फिरत असतात. त्यासाठी एवढं पेट्रोल?"

नाही हो बाबा. इथे रेड-टेल्ड हॉक नावाचा बाज आहे. तो काही दुर्मीळ नाही, विजेच्या प्रत्येक चौथ्या खांबावर सापडेल. तपकिरी पाठ, पोटावर ठिपक्यांचा पट्टा, विटकरी शेपटी. पण या उत्तरेकडच्या प्रेअरीवर, दोन्ही डकोटा, मोंटाना आणि सीमेपलीकडचा कॅनडा एवढ्या टापूत, त्याचंच एक फिकुटलेलं रूप निघतं. डोकं जवळजवळ पांढरं, पाठीवर पांढरी चितारी, पोटावरचा पट्टा पुसट किंवा नाहीच, शेपटी वर लिहिली तशी. त्याला क्रायडर्स हॉक म्हणतात. फिलाडेल्फियात बंदुकांचं दुकान असलेल्या आणि पक्षी जमवणाऱ्या जॉन क्रायडरवरून हे नाव बर्नार्ड हूप्सनं १८७३ साली दिलं, आयोवातल्या विनेबागो काउंटीत मिळालेल्या नमुन्यावरून. तेव्हापासून भांडण चालू आहे. कुणी त्याला उपजात मानतं, कुणी म्हणतं हा पूर्वेकडच्या रेड-टेलचाच फिका रंग. कारण जिथे क्रायडर वितो तिथे साधे रेड-टेलही वितात, जोड्या मिसळतात आणि मधल्या सगळ्या छटांची पोरं निघतात. म्हणजे ज्याच्यामागे आम्ही फिरतोय, त्याची हद्द कुठे सुरू होते हेच नक्की नाही. बाबांना हे सांगितलं नाही.

पांढरट बाज दिसला की इथला नवखा माणूस लगेच नाव ठोकतो. आजोबा नाव घेतच नाहीत. ते विचारतात, "काय दिसलं ते सांग." खांद्यापासून मनगटापर्यंत पंखाच्या पुढच्या कडेला, खालच्या बाजूनं गडद पट्टी आहे का? ती रेड-टेलची खूण. क्रायडरमध्ये ती फिकट आणि बारीक होते, पण बहुधा असते. मग पाय. याच माळावर फेरुजिनस हॉक हा दुसरा थोराड बाज राहतो, त्याचंही पोट पांढरं आणि शेपटी फिकी. पण त्याच्या पायांवर थेट बोटांपर्यंत पिसं असतात आणि तीही विटकरी, त्यामुळे डोक्यावरून उडताना पोटाखाली गडद त्रिकोण दिसतो. क्रायडरच्या नळ्या उघड्या, पिवळ्या. फेरुजिनसच्या तोंडाची पिवळी कड डोळ्याखालपर्यंत गेलेली असते, सारखा काहीतरी कुरकुरत असल्यासारखा दिसतो. अलास्काकडचा हार्लन्स हॉक हिवाळ्यात मैदानात उतरतो, त्याचे फिके पक्षी चकवतात. पण जुलैत तो इथे नसतोच, त्यामुळे तो प्रश्न तारखेनंच सुटला.

सगळ्यात अवघड ते रंगद्रव्य कमी झालेले रेड-टेल. कोडासारखं असतं ते. पांढरं कुठेही, कसंही उमटतं. डाव्या पंखात तीन पिसं पांढरी, उजव्यात एकच, आणि शेपटीत मध्येच एखादं चांगलं लालभडक. क्रायडरचा फिकेपणा दोन्ही बाजूंना सारखा असतो, त्याला घडी असते. आमचा पक्षी कॉटनवुडच्या वाळक्या फांदीवर पाठ करून बसला होता तेव्हा आजोबांनी मला दोन्ही खांद्यांवरची चितारी एकेक ठिपका जुळवत बघायला लावली. मग त्यानं बिळातून डोकं काढणाऱ्या खारीवर झेप घेतली, पंख उघडले, आणि पंखाच्या कडेची ती फिकी तपकिरी पट्टी दिसली. तरीही आजोबांनी वहीत आधी वर्णन लिहिलं, मग वेळ, मग ऊन कुठून येत होतं ते, आणि नाव सगळ्यात शेवटी.

या शिस्तीचं मला भयंकर कौतुक आहे, आणि थोडा वैतागही. मी लॅबमध्ये काम करते, दिवसभर हेच करते, तरी रविवारी एक पक्षी बघून मोकळं व्हावं असं वाटतंच.

इथले लोक माळावर फार प्रेम करतात, असा समज मात्र करून घेऊ नका. उंच गवताची प्रेअरी यांनीच नांगरून टाकली, ती आता चार टक्केही उरलेली नाही. आपल्या सोलापूरजवळच्या नान्नजच्या माळढोक अभयारण्यावर बोलताना मान खाली घालायची सवय लागलीय आपल्याला, कारण माळरान म्हणजे पडीक असं सातबाऱ्यानं ठरवलेलं आणि माळढोक दिसेनासा झालेला. पण यांच्या हिशेबातही गवत म्हणजे अजून न नांगरलेलं शेत. गंमत म्हणजे त्याचा रेड-टेलला फायदाच झाला. १९३०च्या दशकात धुळीची वादळं आली, तेव्हा सरकारनं नॉर्थ डकोटापासून टेक्ससपर्यंत वारा अडवायला झाडांच्या रांगा लावल्या, २० कोटींहून जास्त झाडं. घरट्याला झाड मिळालं तसा रेड-टेल माळावर पसरला. उघड्या माळावर जमिनीवरही घरटं करणाऱ्या फेरुजिनसला ही झाडं सोयीची नाहीत. आमचं कॉटनवुड मात्र अशा रांगेतलं नव्हे, ओढ्याकाठचं आपोआप उगवलेलं.

बाबांचा खरा आक्षेप पेट्रोलवर नाही, हे मला कळतं. सोलापूरला यायला रजा नाही आणि पक्ष्यामागे फिरायला वेळ आहे, असा तो हिशेब आहे. पण रजेचं गणित वेगळं आणि रविवारच्या सकाळचं वेगळं. रविवारी घरी बसले असते तर काय मी सोलापुरात असते? आईला हे पटलं. बाबा म्हणाले, "बरं, बघ बाई तुझी घार."

सप्टेंबर-ऑक्टोबरात हे पक्षी दक्षिणेला सरकतील, टेक्सस-लुइझियानापर्यंत. डॅलस-ह्यूस्टनकडची आपली मंडळी हे वाचत असतील तर हिवाळ्यात हायवेच्या खांबांवर लक्ष ठेवा. आधी पंखाची कड, मग पाय, शेपटीकडे सगळ्यात शेवटी बघा, ती लबाड असते. आणि सोलापूरकरांनो, डिसेंबरात नान्नजच्या वाटेवर लांब पायांचा बझर्ड येतो. त्याच्यातही फिका, तांबूस, काळपट असे रंग असतात आणि शेपटी बहुतेकदा अशीच फिकी, पण बिनपट्ट्याची. कुणी बाबांना स्कूटरवर मागे बसवून नेऊन दाखवलात तर फोटो पाठवा. पीस सापडलं तरी फोटोच.