पाठमोरा चार्ली

शाळेच्या स्मरणिकेसाठी मनोगत मागणारे पत्र आले, तेव्हा वर्ग आणि फळे आठवण्याआधी मला आठवला तो सभागृहाच्या भिंतीवर ताणून बांधलेला पडदा आणि चित्रकलेच्या सरांनी कोठून तरी मिळवून आणलेला सोळा मिलिमीटरचा प्रोजेक्टर. साल १९७८, मी आठवीत होतो. पुढे पाहुण्यांसाठी खुर्च्या मांडल्या होत्या, त्यांच्या मागे आमच्या सतरंज्या.

चित्रपट होता चार्ली चॅप्लिनचा, १९२१ सालचा ‘द आयडल क्लास’. सरांच्या शब्दांत ‘रिकामटेकडे’. मूकपटातल्या मधल्या इंग्रजी पाट्यांचा अर्थही सरच मराठीत सांगत होते. आगगाडीतून श्रीमंत मंडळी ऐटीत उतरतात आणि त्याच गाडीच्या बुडाखालून, गोल्फच्या काठ्या सावरीत, भटका चार्ली बाहेर पडतो. दुसरीकडे एक धनिक नवरा आहे, तोही चॅप्लिनच, आणि तो इतका विसराळू की विजार न घालताच हॉटेलभर हिंडतो. त्याच्या दारूला कंटाळून बायको दूर राहू लागते. तिचे पत्र वाचून तो आमच्याकडे पाठ फिरवतो, त्याचे खांदे गदगदू लागतात, आणि नेमकी तेथेच फिल्म तुटली. सर चिकटपट्टीने ती जोडेपर्यंत अंधारात सारे गप्प होते; माझ्या शेजाऱ्याने तर नाक ओढले. पडदा पुन्हा उजळला, गृहस्थ वळले, आणि हातात मद्य घुसळायचे भांडे!

लंडनच्या दारिद्र्यात वाढलेल्या चॅप्लिनने धनिकाला आणि भटक्याला एकच चेहरा का दिला, हे मला फार उशिरा उमगले. वेषांतराच्या मेजवानीत भटक्याची लक्तरे हा नामी वेष ठरतो, बायको त्यालाच नवरा समजते, आणि खरा नवरा चिलखताच्या शिरस्त्राणाची झडप उघडेना म्हणून आत गुदमरत राहतो. (१९१६ च्या ‘द काउंट’मध्ये शिंप्याचा नोकर असाच उमरावांच्या पंगतीला बसतो, पण तो मी पुष्कळ नंतर पाहिला.)

शेवटी धनिकाचा सासरा भटक्या चार्लीची माफी मागायला हात पुढे करतो. चार्ली त्याच्या बुटाकडे बोट दाखवतो, सासरा वाकतो, चार्ली एक सणसणीत लाथ हाणतो आणि पळ काढतो. खेळ संपल्यावर संस्थेच्या अध्यक्षांनी तेवढा तुकडा पुन्हा दाखवायला सांगितला. खुर्च्या तोवर उचलल्या गेल्या होत्या, तेव्हा धोतर सावरीत ते आमच्याच सतरंजीवर टेकले.