वेहणाचं ऐकून खेळणारी टेस्टर

पुण्यात एका गेम स्टुडिओत मी रायटर आहे. लोकांना वाटतं आम्ही दिवसभर गोष्टी रचतो, पण खरं काम एक्सेलमध्ये चालतं. एका ओळीत एक संवाद, शेजारी त्याचा आयडी, कोण बोलतंय, काय झालं असेल तरच बोलायचं, आणि सबटायटल दोन ओळींच्या वर गेलं की ती चौकट लाल. आमच्या गेममधलं वेहणा हे पात्र अशाच शीटमध्ये जन्मलं.

तिच्या जगात शपथ अंगाला बांधते. एकदा 'करीन' म्हटलं की मन फिरलं तरी हातपाय ते करूनच थांबतात, त्यामुळे तिथे कुलुपं नाहीत, कोर्ट नाही, कर्ज बुडत नाही. वेहणा शपथघरातली कारकून. आयुष्यभर नोंदी लिहिल्यावर तिला वाटायला लागतं की या वह्यांमध्ये विश्वासू असा एकही माणूस नाही, कारण जे मोडताच येत नाही ते पाळलं यात त्या माणसाचं काय? मग ती शपथ घेणंच सोडते. नोकरी जाते, घर जातं, नावाडी नदीपार नेत नाही कारण भाड्याचीसुद्धा शपथ लागते. ती वेशीबाहेर राहते आणि रोज संध्याकाळी एका आंधळ्या म्हाताऱ्याला पाणी नेऊन देते, 'उद्या येते' असं एकदाही न म्हणता.

तिचं स्वतःचं लिखाण मी मुद्दाम ठेवलं नाही, लेखी स्वरूपात तिची मतं फक्त विरोधकांच्या खंडनातून कळतात. हे चार्वाकांवरून, म्हणजे परलोक न मानणाऱ्या जुन्या विचारवंतांवरून घेतलं. माधवाचार्यांचा 14व्या शतकातला सर्वदर्शनसंग्रह चार्वाकमतानेच सुरू होतो, पण ते तिथे आलंय खोडून काढण्यासाठी, आणि तरी आज आपल्याला चार्वाक जे काही माहीत आहेत ते बरंचसं अशाच ग्रंथांमुळे. म्हणजे पूर्वपक्ष, ज्याचं खंडन करायचं त्याची बाजू, प्रामाणिकपणे मांडावा लागतो. म्हणून सगळ्यात जास्त मेहनत मी शपथघराच्या प्रमुखावर घेतली. तो अनाथ, एका बाईने त्याला वाढवायची शपथ घेतलेली, पुढे तिला पश्चात्ताप झाला पण सोडता येईना. तो म्हणतो, 'ती मोकळी असती तर मी मेलो असतो.' वेहणाच्या तोंडी मी लिहिलेलं कुठलंच वाक्य मला याच्या इतकं जड वाटत नाही.

तर त्या दिवशी क्यूएकडून, म्हणजे गेम खेळून चुका शोधणाऱ्या टीमकडून, तिकीट आलं, ब्लॉकर म्हणून, म्हणजे हे सुटल्याशिवाय पुढे जायचं नाही. कॉन्ट्रॅक्टवरची एक मुलगी, नुकतीच लागलेली. वेहणाचा सीन संपल्यावर तिने क्वेस्ट लॉग, म्हणजे खेळाडूने घेतलेल्या कामांची यादी, उघडला आणि स्वीकारलेली सगळी कामं सोडून द्यायला गेली. का, तर वेहणाने सांगितलं म्हणून. सोडता येईनात. आमच्या सिस्टिममध्ये क्वेस्टला स्टेट, म्हणजे स्थिती, चारच, सुरू नाही, चालू, पूर्ण, फसलं. आपणहून सोडलं अशी स्टेटच नाही. तिने खाली लिहिलं होतं, 'सर, इथे स्वीकार दाबणं हीच शपथ झाली ना? मग वेहणाचं ऐकायचं कसं?'

इतके दिवस तो सीन बिल्डमध्ये, म्हणजे गेमच्या चालत्या आवृत्तीत होता, रिव्ह्यूमध्ये सगळ्यांनी छान म्हटलं होतं, पण ती बाई बोलतेय ते खरं धरून खेळून बघितलं ते हिने एकटीने. क्यूएवाल्यांना मीटिंगला बोलवत नाहीत हा आमच्या धंद्यातला मला सगळ्यात न पटणारा प्रकार आहे.

मी पाचवी स्टेट मागितली. लीड नाही म्हणाला, आणि त्याचं चूक नव्हतं, जुन्या सेव्ह फाइल तुटतात, अचीव्हमेंट त्याच स्टेटवर बांधलेली, भाषांतरं लॉक झालेली. प्रोड्युसर म्हणाले सीनच छोटा करा. ते ऐकून मात्र मी चिडलो, कारण मग ती शहाणपणाची दोन वाक्यं बोलणारी म्हातारी उरते, तशा प्रत्येक फँटसी गेममध्ये असतात.

शेवटी डिझायनरने वाट काढली. म्हाताऱ्याचं पाणी क्वेस्ट सिस्टिमच्या बाहेर ठेवलं. साधा ट्रिगर, विहिरीवरून घागर उचलायची, त्याच्या दारात ठेवायची. लॉगमध्ये नोंद नाही, बक्षीस नाही, नकाशावर खूणही नाही. वेहणा मेल्यावर कोणी न्यायचं हे गेम सांगत नाही.

त्याच मुलीने ते टेस्ट केलं. काही दिवस पाणी नेलं, मग मुद्दाम नेलं नाही, आणि नवं तिकीट टाकलं, 'म्हातारा तसाच बसलेला आहे, काही बोलत नाही. हे बरोबर आहे का?'

तिथेच मी अडकलोय. पाणी न नेल्यामुळे तो मेला तर शपथघराचा प्रमुख बरोबर ठरतो, आणि वेहणाच्या मोकळेपणाची किंमत दुसऱ्याने भरली असं होतं. तो मरत नसेल तर नेलं काय, न नेलं काय, मग वेहणाने आयुष्य कशावर घालवलं? कर्णपर्व पुन्हा काढून वाचलं, तो सत्यव्रती कौशिक, दरोडेखोरांना खरं सांगून माणसं मारली जातात आणि नरकात जातो. कृष्ण अर्जुनाला ही गोष्ट सांगतो तेव्हा अर्जुन स्वतःच्याच प्रतिज्ञेपायी युधिष्ठिरावर तलवार उपसून उभा असतो. तिथे व्रतापेक्षा माणसाचा जीव मोठा हे कळतं, पण व्रतच न घेणाऱ्यावर कोणाच्या जिवाची जबाबदारी येते ते त्या गोष्टीत नाही.

माझा कल तो मरावा याकडे आहे. त्या टेस्टर मुलीला विचारलं तर ती म्हणाली, 'मरू दे सर, पण आधी एकदा तरी त्याने हाक मारली पाहिजे.' ती हाक काय असावी ते लिहितोय, दोन ओळींत बसवायचीय, आणि त्यात 'येशील ना?' हा प्रश्न ठेवायचा की नाही यावर आमचं दोघांचं अजून एकमत झालेलं नाही.