दोन सेकंदांचा कॅचर

आज सुट्टी, म्हणून बेसबॉलमधला कॅचर (बॅटरमागे बसून चेंडू झेलणारा) याडियर मोलिना याच्या जुन्या क्लिप बघत बसलो. पहिल्या बेसवरून दुसरा बेस चोरायला, म्हणजे चेंडू टाकला जात असतानाच धावून गाठायला, रनरला साधारण ३.४ सेकंद लागतात. त्यातले १.३ चेंडू टाकणारा पिचरच खातो. उरलेल्या दोनेक सेकंदांत कॅचरने चेंडू ग्लोव्हमधून उपसून, पाय वळवून १२७ फूट दूर दुसऱ्या बेसवर फेकायचा. घाईत बोटं शिवणीवर आडवी बसली नाहीत की थ्रो बाजूला वळतो. दोष मात्र खांद्याला देतात! मोलिना तर कधी गुडघ्यावरूनच पहिल्या बेसवर फेकून गाफील रनर टिपायचा. २००४ ते २०२२ एकच संघ, सेंट लुईस कार्डिनल्स. ९ गोल्ड ग्लोव्ह (उत्तम क्षेत्ररक्षणाचा पुरस्कार). थोरले भाऊ बेंजी आणि होजे, तेही कॅचरच. तिघांकडेही वर्ल्ड सिरीज, म्हणजे अमेरिकी बेसबॉलचं अजिंक्यपद, जिंकल्याची अंगठी आहे.